बागेवर झाकण कधी ठेवायचं? : वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात गुलाबाच्या छाटणीवर लिहिताना शेवटी मी एक वाक्य टाकून दिलं होतं, "आणि मग आच्छादन घालून टाका." झालं. त्या एका वाक्यावर एवढी पत्रं आणि ईमेल आलेत की छाटणी बिचारी बाजूलाच राहिली. बहुतेकांचं म्हणणं एकच, ताई तुम्ही घाला म्हणता पण कधी घालू ते सांगतच नाही. चूक माझीच आहे. आच्छादनात "काय घालायचं" यावर आम्ही बागवाले तासन्‌तास बोलू शकतो, "कधी" वर मात्र कोणी बोलत नाही आणि निम्मे घोळ तिथेच होतात.

ज्यांना शब्दच नवीन आहे त्यांच्यासाठी, आच्छादन म्हणजे मल्चिंग, म्हणजे झाडाभोवतीची उघडी माती पालापाचोळा, वाळकं गवत, लाकडाच्या चिपा, कागद, प्लॅस्टिक असल्या कशाने तरी झाकणं. बस, एवढंच. आता प्रश्न.

प्रश्न : ऐन उन्हाळ्यात, झाडं सुकायला लागली म्हणून मी सगळ्या वाफ्यांवर सहा इंच वाळकं गवत घातलं. रोज झारीने पाणीही देते. तरी झाडं दुपारी माना टाकतात ती संध्याकाळीसुद्धा उचलत नाहीत. आच्छादनाचा काही उपयोग होतो की नुसतीच हवा आहे?

उत्तर : सहा इंच! तुमच्या उत्साहाला दंडवत. उपयोग होतो हो, पण तुम्ही कोरड्या मातीवर झाकण ठेवलंत. इथे जरा लांबण लावते कारण पुढच्या बऱ्याच प्रश्नांची किल्ली इथेच आहे. आच्छादन पाणी तयार करत नाही, गारवाही तयार करत नाही, आत जे असेल ते धरून ठेवतं. ओली माती झाकली की ती जास्त दिवस ओली राहते, कोरडी झाकली तर कोरडीच राहते, गार असेल तर गार, गोठलेली असेल तर गोठलेली. म्हणून आधी माती आपल्याला हवी तशी करायची आणि मग झाकायची, आपण नेमकं उलटं करतो.

तुमच्या बाबतीत आणखी एक गंमत झालीये. झारीचं पाणी मातीपर्यंत पोचतच नाहीये, सहा इंच वाळकं गवत ते मधल्या मध्ये पिऊन टाकतं आणि दुपारपर्यंत ते उडूनही जातं. खात्री करायची असेल तर पाणी दिल्यावर दहा मिनिटांनी गवत बाजूला करून बोट खुपसा, दुसऱ्या पेराशी कोरडं लागलं की समजा. कधीकधी तर जुन्या वाळलेल्या आच्छादनात बुरशीच्या पांढऱ्या धाग्यांची अशी जाळी झालेली असते की पाणी आत शिरतच नाही, अळवाच्या पानावरून ओघळावं तसं बाजूला जातं, अशा वेळी दाताळ्याने ते नीट उचकटून सैल करावं लागतं.

आता करायचं असं, की सगळं गवत बाजूला ओढा, संध्याकाळी सावकाश पाणी सोडा, ते मुरलं की परत एकदा सोडा, एका वीतभर खोलीपर्यंत ओल गेली पाहिजे. सकाळी वाफसा आलेला असेल तर, म्हणजे मूठभर माती दाबून गोळा होतोय आणि बोटाने टोचल्यावर फुटतोय, चिखलासारखा चिकटत नाहीये असं असेल तर, तेच गवत तीन इंच परत पसरा. उरलेलं पोत्यात भरून ठेवा, ते दबून पातळ झालं की वर टाकायला लागेलच. पुढच्या वर्षी मात्र झाडांनी माना टाकायची वाट बघू नका. थंडी ओसरतेय, ऊन अजून चढायचंय आणि मातीत ओल आहे, असे दोन-तीन आठवडे मिळतात, उन्हाळ्याचं आच्छादन घालायची ती वेळ.

जाडीचं विचारलं नाहीत पण सांगून टाकते. बारीक माल, म्हणजे लॉनचं कापलेलं गवत किंवा भुसा, एक इंचाच्या वर नको, त्याची चिकटून गादी होते आणि हवा बंद पडते. लाकडाच्या चिपा दोन ते तीन इंच. सुटा पाचोळा आणि वाळकं गवत तीन-चार इंच चालतं कारण महिन्याभरात ते निम्म्यावर येतं.

प्रश्न : कापलेलं ओलं गवत तसंच घातलं तर?

उत्तर : एक दिवस उन्हात पसरा, मग घाला. ढीग करून घातलंत तर आत हात घालून बघा, चांगलंच गरम लागतं, आणि वास तर विचारूच नका. आणि लॉनवर तणनाशक मारलं असेल तर ते गवत भाजीच्या जवळपाससुद्धा नको.

प्रश्न : पावसाळा सुरू झाला की आच्छादन काढून टाकायचं का ठेवायचं? शेजारच्या काकू म्हणतात काढा, गोगलगाई होतात. माझा मुलगा म्हणतो ठेव, तण येत नाही. मी कोणाचं ऐकू?

उत्तर : दोघांचं बरोबर आहे, म्हणून तर भांडण मिटत नाहीये.

मुलाच्या बाजूने आधी बोलते. पाऊस उघड्या मातीवर पडतो तेव्हा थेंब मातीला अक्षरशः ठोकतो, वरचा थर फुटून त्याची पापडी होते, उतार असेल तर चांगली माती वाहून जाते. शिवाय मातीचे शिंतोडे खालच्या पानांवर उडतात आणि त्यांच्यासोबत बुरशीही चढते. टोमॅटोचा करपा खालच्या पानांपासून वर चढत जातो त्याचं हे एक मोठं कारण, पातळ आच्छादन असलं तरी शिंतोडे बरेच थांबतात. तेव्हा पावसाळ्यात माती पूर्ण उघडी टाकायची हे मला पटत नाही.

आता काकूंचं. ओल, अंधार आणि कुजकी पानं, गोगलगाईला अजून काय पाहिजे? आणि गोगलगाई एकवेळ परवडल्या, खरा धोका बुंध्याला असतो. माझ्याच लिंबाची गोष्ट सांगते, सांगायला लाज वाटते पण सांगते. एका वर्षी मी लाकडाच्या चिपांचा बुंध्याभोवती छान उतरता ढीग केला, एखाद्या छोट्या टेकडीतून झाड उगवलंय असं दिसायचं, येणारे जाणारे वा वा करायचे, मी खूश. दोन महिने पाऊस लागला. मग एका बाजूची पानं पिवळी पडायला लागली, मी म्हटलं खत कमी पडलं असेल, खत घातलं. अजून पिवळी. शेवटी एक दिवस तो ढीग हाताने उकरला तर आत बुंध्याची साल ओल्या पुठ्ठ्यासारखी झालेली, बोटाने नुसती दाबली तर घसरून हातात आली, वरच्या बाजूला तपकिरी डिंक ओघळलेला आणि आंबूस वास. जमिनीलगतच्या खोडाचा जवळजवळ निम्मा घेर गेला होता. साल ही झाडाची कातडी आहे, तिला हवा लागते, ती मुळासारखी ओल्यात राहायला बनलेलीच नाही. मी ढीग काढला, सडकी साल खरवडली, बुंधा उघडा सोडला, निम्म्या फांद्या कापाव्या लागल्या, अर्धं झाड वाचलं. ते अजून आहे, एका बाजूने टकलं दिसतं.

तेव्हा तुमच्यासाठी उत्तर असं, की पहिल्या पावसानंतर तण उगवू द्या, ते बोटभर झालं की एकदा नीट खुरपणी करा, आणि मग एक-दीड इंच जाडाभरडा माल पसरा, चिपा किंवा काटक्या, बारीक भुसा नाही. उन्हाळ्यातलं कुजकं जाड आच्छादन असेल तर त्यातलं निम्मं ओढून कंपोस्टच्या खड्ड्यात टाका. लहान रोपांच्या देठापासून चार बोटं आणि झाडाच्या बुंध्यापासून एक वीत जागा मोकळी. जिथे पाणी साचतं तिथे मात्र काकूंचंच ऐका, सगळं काढा, आधी पाण्याला वाट करून द्या. गोगलगाईंसाठी संध्याकाळी वाफ्यात एक रुंद फळी किंवा ओलं पोतं टाकून ठेवायचं आणि सकाळी उचलून खाली जमलेल्या वेचायच्या, आठवडाभर न कंटाळता केलं की फरक दिसतो. न कंटाळता हा शब्द महत्त्वाचा आहे, मी तिसऱ्या दिवशी कंटाळते.

प्रश्न : चिपांवर रात्रीत पिवळाजर्द फेस आलाय, कोणीतरी ओकल्यासारखा. मुलांना बागेत सोडू का?

उत्तर : सोडा. त्याला स्लाइम मोल्ड म्हणतात, पिवळ्याचं नाव फुलिगो सेप्टिका, आणि इंग्रजीतलं बोलीनाव तर चक्क "कुत्र्याची ओकारी" अशाच अर्थाचं आहे, तेव्हा तुमची उपमा अगदी बरोबर. नावात मोल्ड असलं तरी ही बुरशी नाही, चिपांवरचे बॅक्टेरिया वगैरे खात हळूहळू सरकणारा एक वेगळाच जीव आहे, उबदार ओल्या हवेत उगवतो. झाडाला काही करत नाही. काही दिवसांत तो तपकिरी होऊन त्याची भुकटी होते. बघवत नसेल तर ओला असतानाच खुरप्याने उचलून खड्ड्यात टाका, वाळल्यावर ढोसू नका, भुकटी सगळीकडे उडते, आणि दम्याचा त्रास असणाऱ्याने तर अजिबातच नको.

प्रश्न : पालक आणि कोथिंबीर पेरून वरून मस्त पाचोळा पसरला, तीन आठवडे झाले, एक कोंब नाही. बियाणं खराब होतं का?

उत्तर : बियाण्याला कशाला दोष देता, तुम्हीच त्यांच्यावर पांघरूण घातलंत. जे आच्छादन तणाच्या बीला उगवू देत नाही ते पालकाच्या बीला कसं उगवू देईल? त्याला कुठे कळतंय की ही आपली आणि ती परकी.

बारीक बी पेरलं की माती उघडी ठेवायची, फार तर कडक उन्हात ओलं पोतं टाकायचं आणि पहिला कोंब दिसल्या दिसल्या त्याच दिवशी काढायचं, दुसऱ्या दिवशी नाही. रोपं चार-पाच इंच झाली की ओळींच्या मधे पातळ आच्छादन, मग ती जशी वाढतील तसं थोडं थोडं जवळ. त्याच्या आधी घातलंत तर कोवळे देठ ओलाव्यात कुजून रोपं कोलमडतात. घेवडा, भोपळा असली दांडगी बियाणी पातळ सुट्या गवतातून डोकं वर काढतात, त्यांचं एवढं टेन्शन नाही. फुकुओका, ते जपानी शेतकरी, भाताचा पेंढा शेतावर पसरायचे तो न कापता लांबच्या लांब, आडवातिडवा, वाऱ्याने पडल्यासारखा, म्हणजे काड्यांच्या मधून कोंबाला वाट राहते. आपण मात्र पेंढी सोडतो आणि चटई अंथरतो.

रोपवाटिकेतून आणलेली रोपं असतील तर भानगड नाही, लावा, भरपूर पाणी द्या, दोन-चार दिवस ती उभी राहतायत ना बघा आणि मग घाला.

प्रश्न : मी जिथे राहते तिथे हिवाळ्यात जमीन गोठते. थंडी सुरू होताच मी जाड पेंढा घालून सगळं उबदार करून ठेवते, तरी वसंतात बघावं तर काही रोपं मुळासकट वर आलेली असतात आणि पेंढ्यात उंदरांची वसाहत. आणि काढायचं कधी तेही कळत नाही, मागच्या वर्षी उशिरापर्यंत ठेवलं तर टोमॅटो महिनाभर होता तेवढाच राहिला.

उत्तर : तुमच्या पत्रात तीन प्रश्न आहेत पण मूळ एकच, "उबदार" हा शब्द. गोठणाऱ्या प्रदेशात हिवाळ्याचं आच्छादन ऊब द्यायला घालत नाहीत, थंडी एकसारखी राहावी म्हणून घालतात. रोपं मरतात ती बऱ्याचदा थंडीपेक्षा थंडी-गरमीच्या धरसोडीने. दिवसा ऊन पडलं की वरची माती वितळते, रात्री परत गोठते, गोठताना फुगते आणि प्रत्येक वेळी रोपाला थोडं वर ढकलते, असं वीस-पंचवीस वेळा झालं की मुळं बाहेर. म्हणून जमीन वरून एकदा नीट गोठू द्यायची आणि मग पेंढा घालायचा, म्हणजे ती गोठलेलीच राहते. वाचायला उलटं वाटतं ना? मलाही पहिल्यांदा वाटलं होतं. उंदरांचंही तेच, तुम्ही लवकर घातलंत, त्यांना अजून घर मिळालं नव्हतं, त्यांनी तुमचं घेतलं. जमीन गोठेपर्यंत त्यांची सोय दुसरीकडे झालेली असते. बुंध्यापासून अंतर इथेही ठेवाच, बर्फाखाली खायला काही नसलं की ते साल कुरतडतात.

स्ट्रॉबेरीला मात्र जमीन गोठायची वाट बघत नाहीत, थोडी थंडी खाऊन रोपं टणक झाली आणि पारा उणे ६ अंशांच्या आसपास उतरायला लागला की पेंढा घालतात. वसंतात खाली नवीन पानं दिसायला लागली की ओळींवरून काढून ओळींच्या मधे सारतात. फेकत नाहीत, फुलं आल्यावर एखाद्या रात्री दव गोठायचं लक्षण दिसलं की तोच पेंढा परत वर ओढता येतो, आणि नंतर फळं मातीला टेकत नाहीत.

टोमॅटोचं सांगते. तुम्ही गार माती झाकून ठेवलीत, ती गारच राहिली. टोमॅटो, मिरची, काकडी ही मंडळी माती १५-१६ अंशांच्या खाली असली की ढिम्म बसून राहतात. वसंतात तो थर आधी पूर्ण बाजूला करा, मातीला ऊन खाऊ द्या, सकाळी चार इंच खोल थर्मामीटर खुपसून चार-पाच दिवस बघा, ऊब टिकतेय असं दिसलं की रोपं लावा आणि ती जोमात आली की मग आच्छादन. वाटाणा, कोबी, फ्लॉवर यांना गारवाच आवडतो, त्यांना लवकर घातलं तरी चालतं. काळं प्लॅस्टिक तेवढं या नियमाला अपवाद, ते मातीला घट्ट चिकटून ताणलं तर तिला तापवतं, पण ऐन उन्हाळ्यात तेच जीवावर येतं, तेव्हा वरून गवत टाका नाहीतर काढा.

प्रश्न : आमच्याकडे जमीन वगैरे गोठत नाही पण वर्षातून एक-दोन रात्री दव गोठतं. मी वांग्यांना आच्छादन घातलं होतं, शेजाऱ्याने काहीच केलं नव्हतं, माझी वांगी करपली आणि त्याची वाचली. हा कुठला न्याय?

उत्तर : न्याय नाही पण शास्त्र आहे. उघडी ओली माती दिवसभर ऊन पिते आणि रात्री ती ऊब हळूहळू वर सोडते, जमिनीपासून हातभर उंचीवरच्या पानांना तेवढाच आधार मिळतो. तुमच्या पाचोळ्याने दिवसा ऊन आत जाऊ दिलं नाही आणि रात्री आतली ऊब बाहेर येऊ दिली नाही. मुळं मजेत, पानं उघड्यावर. फळबागांमध्येही अशा रात्रींसाठी माती उघडी, दबलेली आणि ओली ठेवतात. एक-दोन अंशांचाच फरक पडतो पण करपणं आणि वाचणं यात कधीकधी तेवढाच असतो.

तशी रात्र येणार असं दिसलं, म्हणजे आकाश निरभ्र, वारा पडलेला आणि संध्याकाळपासूनच बोचरं, तर सकाळीच आच्छादन ओळींच्या मधे सारून मातीला पाणी द्या, आणि सूर्य मावळायच्या आधी झाडावरून जमिनीला टेकेल असं कापड टाका. कापडाच्या कडा अधांतरी राहिल्या तर उपयोग नाही, जमिनीची ऊब आत अडकली पाहिजे. दुसऱ्या दिवशी ऊन आलं की कापड काढा, लाट ओसरली की पाचोळा परत.

प्रश्न : भुसा फुकट मिळाला म्हणून वाफ्यात टाकून खुरप्याने मातीत छान मिसळला. आता सगळी झाडं पिवळी. भुसा विषारी असतो का?

उत्तर : विषारी नाही हो, उपाशी असतो. कुजवणाऱ्या जिवाणूंना साधारण २५-३० भाग कर्बाला १ भाग नत्र लागतं, आणि लाकडाच्या भुशात कर्ब त्याच्या कित्येक पट. मग ते नत्र कुठून आणणार, तुमच्या मातीतून. झाडाच्या ताटातलं उचलून नेतात आणि झाड पिवळं. वरवर पसरला असता तर हा प्रकार फक्त माती आणि भुसा जिथे टेकतात त्या पातळ थरात झाला असता, मुळांना पत्ताही लागला नसता. मिसळल्यामुळे तुम्ही भांडण घरात आणलंत. आता त्यात मुरलेलं शेणखत किंवा कंपोस्ट भरपूर घाला, जोडीला थोडं नत्राचं खत, आणि हे वर्ष त्या वाफ्यात घेवडा-चवळीसारखी शेंगवर्गी पिकं घ्या, ती आपलं नत्र बरंचसं स्वतः मिळवतात. जिवाणूंनी घेतलेलं नत्र कुठे जात नाही, भुसा कुजला की मातीत परत येतं, पण तोवर महिने जातात. आच्छादन मातीत मिसळायचं नसतं, ते गांडुळांचं काम आहे, त्यांना करू द्या.

प्रश्न : गोणीतून आणलेल्या चिपांना व्हिनेगरसारखा वास येत होता, तशाच घातल्या, दोन दिवसांत पानांच्या कडा जळाल्या.

उत्तर : गोणीत हवा न मिळाल्याने माल आंबला, त्यात आम्ल तयार झालं. ताबडतोब काढा, माती भरपूर पाण्याने धुवा. चिपा मोकळ्या जागी पातळ पसरून वरखाली करत ठेवा, वास गेला की वापरा. चांगल्या चिपांना पावसानंतरच्या जंगलासारखा वास येतो, नाकाला झोंबत नाही.

प्रश्न : पानगळ सुरू झाली की आमच्याकडे रोज वाद. आमच्या ह्यांना अंगण आरशासारखं लागतं, ते सगळा पाचोळा झाडून जाळतात. मला तो बागेत हवा असतो. तुम्ही काहीतरी लिहा, तुमचं ऐकतील.

उत्तर : माझं आमच्या घरात कोणी ऐकत नाही पण लिहिते. दादा, अंगण तुम्ही खुशाल झाडा, फक्त काडी लावू नका. आच्छादनाचा मोठा घोळच हा आहे की माल मिळतो एका ऋतूत आणि लागतो दुसऱ्या ऋतूत. पानगळीत पाचोळ्याचे डोंगर, आणि पुढे ऊन तापलं की लोक मला विचारतात ताई पाचोळा कुठे मिळेल. कुठे मिळेल, तुम्ही जाळलात ना!

वहिनी, तुम्ही असं करा, कोपऱ्यात जाळीचं गोल कुंपण उभारा नाहीतर पोत्यांना भोकं पाडून त्यात भरा, भरताना पाणी शिंपडा. अंगण आरशासारखं आणि पाचोळाही तुमचा. जाड, चामड्यासारखी पानं असतील तर लॉनमोवर फिरवून बारीक करा, अख्खी पानं ओली झाली की एकावर एक चिकटतात आणि वहीच्या पानांसारखी गड्डी होते, पाणी खाली जातच नाही. रोगट पानं, म्हणजे गुलाबाची काळ्या ठिपक्यांची वगैरे, ती यात नकोत, ती वेगळी करून लांब टाका. आणि एक छोटासा हट्ट माझा, बागेतला एखादा उन्हातला कोपरा अजिबात झाकू नका. बऱ्याच एकट्या राहणाऱ्या मधमाश्या जमिनीत बीळ करतात, त्यांना उघडी माती लागते, सगळीकडे तीन इंच चिपा घातल्या तर त्यांनी जायचं कुठे.

प्रश्न : कुंड्यांना घालायचं का?

उत्तर : उन्हाळ्यात हो, एक इंच पुरे, आणि पाणी घालताना काठाशी जागा राहील असं बघा. पावसात उघड्यावरच्या कुंड्यांचं काढा. कोरफड, निवडुंग यांच्या कुंडीत पाचोळा कधीच नको, बारीक खडी घाला.

प्रश्न : वाळवी लागेल अशी भीती वाटते.

उत्तर : वाळवी मातीत असतेच, आच्छादनाने ती जन्माला येत नाही, पण ओल आणि लाकूड एकत्र मिळालं तर ती तिथे रेंगाळते. घराच्या भिंतीपासून फूटभर पट्टा मोकळा ठेवा, लाकडी खांब आणि दरवाजाच्या चौकटीला चिपा टेकू देऊ नका. एवढी काळजी घेतलीत की बागेच्या मध्यभागी तिला खुशाल पाचोळा खाऊ द्या, ती पण कुजवायचंच काम करतेय.

प्रश्न : किती माल लागेल याचा हिशोब कसा करायचा? दर वेळी कमी पडतो.

उत्तर : एक मीटर लांब, एक मीटर रुंद जागेवर ५ सेंटीमीटर म्हणजे दोन इंच थर द्यायचा तर ५० लिटर. चार मीटर बाय एक मीटरचा वाफा असेल तर २०० लिटर, म्हणजे ५० लिटरच्या चार गोण्या. हा हिशोब चिपांचा. पाचोळ्याला याच्या दुप्पट धरा कारण तो बसतो. कमी पडला तर सगळीकडे अर्धा इंच फासू नका, त्याने तणही थांबत नाही आणि ओलही टिकत नाही, त्यापेक्षा एकच वाफा नीट करा.

प्रश्न : नवीन घालण्याआधी जुनं आच्छादन काढून टाकायचं का?

उत्तर : नाही, रोग किंवा कीड लागलेली असेल तरच काढायचं. नाहीतर ऋतू बदलताना, थंडी संपताना एकदा आणि पाऊस संपल्यावर माती वाफशाला आली की एकदा, दाताळ्याने जुना थर उचकटा, खाली बघा. खालचा भाग काळा, भुसभुशीत झालेला असेल तर तो खत झालाय, त्याला हात लावू नका. मग वर जेवढं कमी झालंय तेवढंच घाला, जुनं-नवं मिळून तीन इंचाच्या वर जाऊ नका. लोक दर वर्षी न बघता नवीन तीन इंच ओततात आणि चार वर्षांनी झाड फूटभर ढिगात गाडलेलं असतं, मग मुळं मातीत जायचं सोडून त्या ढिगातच वर वर फिरायला लागतात. उकरताना एखादं गांडूळ दिसलं तर परत झाकून टाका, त्याला ऊन सोसत नाही.